तसं म्हटलं तर बाप : 'द किड'मधल्या एका पालकत्वाचं प्रकरण

आजारी मुलाला तपासून झाल्यावर डॉक्टर त्या पोटमाळ्यावरच्या खोलीभर नजर फिरवतात आणि समोर उभ्या असलेल्या फाटक्या कपड्यांतल्या माणसाला विचारतात, "या मुलाचे वडील तुम्हीच का?" मूकपट असल्यामुळे त्याचं उत्तर ऐकू येत नाही, पडद्यावरच्या पाटीवर वाचावं लागतं. इंग्रजीत दोनच शब्द आहेत. मराठीत मी ते असे वाचतो : "तसं म्हटलं तर… हो."

डॉक्टरांना हे उत्तर पुरत नाही. नीट सांगा म्हणतात. तो माणूस पुस्तकाच्या पानांत जपून ठेवावी तशी जपलेली एक जुनी चिठ्ठी काढून देतो. डॉक्टर ती वाचतात, स्वतःच्या खिशात घालतात आणि सांगतात, की या मुलाला योग्य देखभालीची गरज आहे. पुढचं सगळं या एका वाक्यातून घडतं.

चार्ली चॅप्लिनचा 'द किड' २१ जानेवारी १९२१ रोजी न्यू यॉर्कच्या कार्नेगी हॉलमध्ये पहिल्यांदा दाखवला गेला. चॅप्लिननं दिग्दर्शित केलेला हा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट. हसवता हसवता रडवणारा म्हणून त्याचं कौतुक होतं आणि ते खरंच आहे. मी मात्र तो दर वेळी मुलाच्या ताब्याचं प्रकरण म्हणून बघतो. यात न्यायालय नाही, वकील नाही, न्यायाधीश नाही. तरी मुलावर हक्क सांगणारे चार पक्ष आहेत, एक कागद आहे, एक सरकारी गाडी आहे आणि मधोमध पाच वर्षांचं एक पोर आहे. म्हणून इथे तो त्याच पद्धतीनं मांडतो आहे.

मूल त्याच्याकडे आलं कसं

धर्मादाय रुग्णालयातून एक तरुण स्त्री बाळ घेऊन बाहेर पडते. लग्न झालेलं नाही. बाळाचा बाप चित्रकार आहे. त्याच्या खोलीत तिचा फोटो चुकून शेकोटीत पडतो, तो उचलतो, जळलेला बघतो आणि पुन्हा आगीत टाकतो. बापाचा या प्रकरणातला सहभाग जवळजवळ एवढाच. कायद्यानं त्या काळी त्याच्याकडून याहून फारसं काही मागितलंही नसतं. जुन्या इंग्रजी कायद्यात लग्नाबाहेर जन्मलेलं मूल 'कोणाचंच नाही' असं मानलं जाई. विसाव्या शतकापर्यंत ते आईचं मानलं जाऊ लागलं होतं, बापाचं नाव मात्र कागदावर अभावानंच यायचं.

ती एका मोठ्या बंगल्यासमोर उभ्या असलेल्या गाडीत बाळ ठेवते, सोबत चिठ्ठी ठेवते. चिठ्ठीत एवढंच की या अनाथ बाळावर प्रेम करा, त्याची काळजी घ्या. हिशेब सरळ आहे : श्रीमंत घर आहे, बाळाचं भलं होईल. पण चोर ती गाडीच पळवतात, मागे बाळ दिसल्यावर त्याला एका गल्लीत कचऱ्याशेजारी ठेवून निघून जातात. आईला पश्चात्ताप होतो, ती धावत परत येते तोवर गाडी गेलेली असते.

गल्लीतून भटक्या, म्हणजे चॅप्लिननं स्वतः केलेलं ते फाटक्या कपड्यांतलं पात्र, चालत येतो. वरच्या खिडक्यांतून कचरा पडत असतो, त्यामुळे बाळ दिसल्यावर तो आधी वर बघतो. तेही तिथूनच पडलं असावं असं त्याला वाटतं. नंतरची काही मिनिटं तो बाळ टाळण्यासाठी जमेल ते सगळं करतो : एका बाईच्या बाबागाडीत ठेवून बघतो, परत जागेवर ठेवायला जातो तर तिथे पोलीस, एका म्हाताऱ्याच्या हातात देऊन पळतो. बाळ फिरून त्याच्याकडेच येतं. फुटपाथच्या कडेला बसून तो गटाराचं झाकण उचलतो, क्षणभर आत बघतो आणि झाकण लावून टाकतो. हा क्षण चॅप्लिननं गाळला नाही, याचं मला फार मोल वाटतं. या माणसाला मूल नको होतं. तो संत नाही, दत्तक घ्यायला निघालेल्या दांपत्यातला कोणी नाही. मग त्याला चिठ्ठी सापडते. वाचून तो हसतो आणि बाळ घरी नेतो. शेजारणी नाव विचारतात. तो आत जातो, बाहेर येतो आणि सांगतो, "जॉन." तेवढ्या वेळात नक्की मुलगा की मुलगी हे बघून आला असणार, हे प्रेक्षकाला न सांगता कळतं.

चिठ्ठीत काय आहे आणि काय नाही

या प्रकरणातला एकमेव दस्तऐवज ही चिठ्ठी, म्हणून तिच्यावर थोडं थांबायला हवं.

पहिलं म्हणजे ती खोटी आहे. मूल अनाथ नाही. आई जिवंत आहे आणि तीच ती लिहिते आहे. 'अनाथ' हा शब्द लिहून तिनं स्वतःलाच नोंदीतून खोडलं. दुसरं, चिठ्ठी कोणाच्याही नावानं नाही. ज्याला मूल सापडेल त्याच्यासाठी आहे. तिच्या मनात बंगल्याचा मालक होता, कागदावर मात्र तो नाही. तिसरं, खाली सही नाही. आणि चौथं, माझ्या मते सगळ्यांत महत्त्वाचं : चिठ्ठी मूल 'देत' नाही. ती प्रेम आणि काळजी एवढ्याच दोन गोष्टी मागते.

आता भटक्यानं काय केलं ते बघा. नळीच्या कॉफीच्या किटलीला बुच लावून ती दोरीनं छताला टांगली, बाळाची दुधाची बाटली झाली. कापडाच्या तुकड्याचा पाळणा बांधला. खुर्चीच्या बैठकीला भोक पाडून खाली पिकदाणी ठेवली. लंगोट बेतून कापले. पाच वर्षांनंतर घरात दोघांचे नियम बसलेले दिसतात : गॅसच्या मीटरमध्ये नाणं टाकायचं, जेवणाआधी हात-तोंड धुवायचं, घावनासारख्या पॅनकेकची समान वाटणी करायची. मुलगा सकाळी स्वयंपाक करतो आणि बाप अंथरुणात लोळतो हेही आहे. चिठ्ठीत मागितलेल्या दोन्ही गोष्टी या माणसानं पुरवल्या. ती लिहिणारीसुद्धा याहून जास्त मागू शकली नसती.

आणि तरीही कायद्याच्या नजरेत त्याच्या हाती काहीच नाही. अमेरिकेत दत्तकाचा पहिला आधुनिक कायदा मॅसॅच्युसेट्स राज्यानं १८५१ साली केला. जन्मदात्यांची संमती हवी आणि दत्तक घेणारा मुलाला वाढवण्यास समर्थ आहे अशी न्यायाधीशाची खात्री पटायला हवी, असं त्यात होतं. मुलाचं हित बघायचं हे त्या कायद्याचं मोठंच पाऊल होतं. पण त्या दारातून आत जायला आधी न्यायालयात उभं राहावं लागतं. आमचा माणूस पोलिसाची टोपी दिसली की गल्ली बदलतो. त्याचा धंदा खिडक्यांना काचा बसवण्याचा, आणि काचा फुटाव्यात म्हणून मुलगा पुढे जाऊन दगड मारतो. उत्पन्नाचं साधन विचारल्यावर तो काय सांगणार होता?

डॉक्टरांच्या बाजूनं इथे बोललं पाहिजे, कारण त्यांना खलनायक ठरवणं सोपं आहे आणि चूकही आहे. त्यांच्यासमोर एक आजारी मूल आहे, गळकी खोली आहे, 'तसं म्हटलं तर' असं म्हणणारा माणूस आहे. मूल शाळेत जात नाही. दगड मारायला शिकलेलं आहे. अनोळखी माणसाच्या घरात असं मूल आढळलं तर कोणत्याही जबाबदार डॉक्टरला कळवावंच लागेल. माझा आक्षेप वेगळा आहे. त्यांनी मुलाला काहीच विचारलं नाही. चिठ्ठी वाचली आणि चिठ्ठी खिशात घातली. पाच वर्षांच्या नात्याचा पुरावा अंथरुणात पडलेला होता आणि त्यांनी पुरावा म्हणून नेला तो कागद.

गाडी

अनाथाश्रमाची गाडी येते. आश्रमाचा अधिकारी भटक्याशी थेट बोलतसुद्धा नाही, सोबतच्या माणसाला सांगतो आणि तो विचारतो. तिघंही एकाच खोलीत हातभर अंतरावर उभे आहेत. सरकारी यंत्रणा गरिबाशी कशी बोलते हे या एका गमतीत जितकं आहे तितकं पानंच्या पानं लिहून येणार नाही.

मग झटापट. पीठ उधळतं, मुलगा हातोडी घेऊन मधे पडतो, पोलीस येतो. मुलाला गाडीत टाकतात. तो हात जोडून, रडून विनवण्या करतो. भटक्या छताच्या खिडकीतून बाहेर पडतो, कौलांवरून धावत गाडीला गाठतो, उडी मारतो, अधिकाऱ्याला खाली ढकलतो आणि मुलाला छातीशी धरतो. दोघांचे चेहरे एकमेकांना चिकटलेले, दोघंही थरथरत. या चित्रपटातलं इतर काही विसरलं तरी हे विसरणं शक्य नाही.

सरकारला मुलावर हा अधिकार आला कुठून? इंग्रजी कायद्यात एक जुनं तत्त्व होतं : ज्यांना स्वतःची काळजी घेता येत नाही त्यांचा अंतिम पालक राजा. अमेरिकेत राजाच्या जागी राज्य आलं. १८९९ साली शिकागोमध्ये मुलांसाठीचं पहिलं स्वतंत्र न्यायालय उभं राहिलं ते याच विचारावर. १९०९ साली परावलंबी मुलांच्या प्रश्नावर व्हाइट हाउसमध्ये परिषद भरली आणि तिनं स्पष्ट सांगितलं, की केवळ गरिबीपायी घर मोडू नये. चित्रपटाच्या दहा-बारा वर्षं आधीची ही गोष्ट. म्हणजे विचार तिथवर पोचला होता. पण त्या शिफारशीत लायक पालकांची मुलं त्यांच्याजवळ राहावीत असं होतं. आधी तुम्ही पालक असायला हवं, मग लायक. आमचा माणूस पहिल्याच अटीवर बाद.

या दृश्यामागे काय घडलं ते चॅप्लिननं आत्मचरित्रात लिहून ठेवलं आहे. मुलाचं काम करणारा जॅकी कूगन तेव्हा जेमतेम पाच वर्षांचा. चॅप्लिननं त्याला लॉस एंजेलिसच्या ऑर्फियम थिएटरात वडिलांच्या कार्यक्रमात नाचताना पाहिलं आणि निवडलं. गुणी, हसरं पोर, त्यामुळे रडायलाच येईना. तेव्हा त्याचे वडील म्हणाले, मी रडवतो. ते मुलाला बाजूला घेऊन गेले आणि मुलगा हमसाहमशी रडत आला. वडिलांनी त्याला सांगितलं होतं, की सांगितलेलं केलं नाहीस तर स्टुडिओतून नेऊन तुला खरोखरच सरकारी गरीबखान्यात टाकू. चॅप्लिननं त्याला उचलून समजावलं, तुला कोणी नेणार नाही. त्यावर मुलगा हळूच म्हणाला, मला माहीत होतं, बाबा गंमत करत होते.

पडद्यावर ज्या रडण्यानं जग हेलावलं, त्यामागे असं होतं : कायदेशीर पालकानं, खऱ्या बापानं, घातलेली ताटातुटीची भीती. पोराला खरंच आधीपासून माहीत होतं की नंतर त्यानं स्वतःची समजूत घातली, हे मला कधीच ठरवता आलेलं नाही.

केनिंग्टन पार्कमधला एक दिवस

गाडीचं दृश्य इतकं खरं उतरलं त्याचं दुसरं कारण दिग्दर्शकाच्या स्वतःच्या लहानपणात आहे. १८९६ साली, सात वर्षांच्या चार्लीला, थोरल्या भावाला, सिडनीला, आणि आईला लंडनमधल्या लॅम्बेथच्या वर्कहाउसमध्ये, म्हणजे सरकारी गरीबखान्यात, दाखल व्हावं लागलं. आत गेल्यावर आई एकीकडे आणि मुलं दुसरीकडे. पुढे मुलांना हॅनवेलच्या शाळेत पाठवलं गेलं. इंग्लंडच्या गरीब-कायद्यात हे सगळं ठरवणाऱ्या मंडळाचं अधिकृत नाव होतं 'बोर्ड ऑफ गार्डियन्स'. पालक मंडळ! आईला मुलांपासून वेगळं करणाऱ्या मंडळाला कायद्यानं दिलेलं नाव हे.

नंतर पुन्हा एकदा आत जावं लागलं तेव्हा हॅनानं, त्यांच्या आईनं, एक युक्ती केली. गरीबखान्यातून स्वतःला आणि मुलांना बाहेर काढण्याचा हक्क पालकाला होता. तिनं तो वापरला. मायलेक बाहेर पडले, जुने चुरगळलेले कपडे अंगावर चढवले, आणि अख्खा दिवस केनिंग्टन पार्कमध्ये काढला. होते तेवढ्या पैशांत थोडी चेरी घेतली, बाकावर बसून खाल्ली. सिडनीनं वर्तमानपत्राचा गोळा करून चेंडू केला. संध्याकाळी तिघं परत वर्कहाउसच्या दारात. पुन्हा सगळे सोपस्कार, पुन्हा ताटातूट.

कायदेशीर पालकत्व म्हणजे काय याचं याहून नेमकं उदाहरण मला माहीत नाही. हॅनाकडे कायद्यानं दिलेला पूर्ण हक्क होता आणि त्या हक्कातून तिला एक दिवस विकत घेता आला, कारण दुसऱ्या दिवसाच्या जेवणाचे पैसे नव्हते. चित्रपटातल्या भटक्याचं उलट आहे : तो कसाबसा रोजचं जेवण जमवतो, हक्क मात्र एका दिवसाचाही नाही. सिनेमातली पोटमाळ्याची खोली केनिंग्टनच्या, म्हणजे त्याच्या लहानपणीच्या वस्तीतल्या, खोल्यांसारखी दिसते असं चॅप्लिनचे अभ्यासक सांगतात. मला वाटतं, खोलीपेक्षा ती गाडी जास्त केनिंग्टनची आहे.

आणखी एक गोष्ट इथेच सांगून टाकतो. चॅप्लिन आणि त्याची पहिली पत्नी मिल्ड्रेड हॅरिस यांचं बाळ जुलै १९१९ मध्ये जन्मल्यावर तिसऱ्या दिवशी गेलं. त्यानंतर थोड्याच दिवसांत तो या चित्रपटासाठी मुलं बघत होता. यावर मी काही बोलणार नाही.

आई, बक्षीस आणि ताबा

मधल्या पाच वर्षांत आई मोठी कलावंत झाली आहे. वस्तीत येऊन ती मुलांना खेळणी वाटते आणि दारात बसलेल्या आपल्याच मुलाला न ओळखता खेळणं देते. एडना पर्व्हिअन्सनं हे काम इतक्या संयमानं केलं आहे, की बाईचा राग येत नाही. मूल आजारी दिसल्यावर डॉक्टर बोलवायला तीच सांगते. म्हणजे यंत्रणेला दाखवून देणारी, नकळत का होईना, आईच.

मुलाची चौकशी करायला ती परत येते तेव्हा डॉक्टर तिला खिशातली चिठ्ठी दाखवतात. अक्षर तिचंच. कागदानं एका क्षणात तिला आई म्हणून परत आणलं. पाच वर्षांपूर्वी त्याच कागदावर तिनं स्वतःला मारून टाकलं होतं.

पुढे ती पोलिसांमार्फत वर्तमानपत्रात जाहिरात देते, मुलाचा ठावठिकाणा सांगणाऱ्याला १,००० डॉलर बक्षीस. भटक्या आणि मुलगा त्या रात्री एका निवाऱ्यात पैसे देऊन झोपलेत. एकाचेच पैसे आहेत, मुलगा पांघरुणात लपवलेला. निवाऱ्याचा मालक जाहिरात वाचतो, दिवा मंद करतो आणि झोपलेलं मूल उचलून पोलीस ठाण्यावर नेतो.

या संपूर्ण प्रकरणात मुलाचा ताबा किती वेळा बदलला ते मोजून बघितलं : आईकडून गाडीत, चोरांकडून गल्लीत, भटक्याकडे, अनाथाश्रमाच्या गाडीत, परत भटक्याकडे, निवाऱ्याच्या मालकाकडे, पोलिसांकडे, आईकडे. यातल्या एकाही वेळी कोणी मुलाला विचारलेलं नाही. ज्या एका वेळी त्यानं स्वतः मत दिलं, ते हातोडी हातात घेऊन दिलं.

आईला मूल मिळणं चुकीचं होतं असं मी म्हणत नाही. त्या काळच्या कोणत्याही न्यायाधीशानं तिलाच दिलं असतं आणि आजच्याही बहुतेकांनी दिलं असतं. पश्चात्ताप खरा आहे, साधनं आहेत, माया आहे. प्रश्न आहे तो ज्यानं पाच वर्षं वाढवलं त्याचं काय, हा. कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयानं १९७४ मध्ये एका निकालात मान्य केलं, की रोजच्या रोज पालकाची जागा निभावणाऱ्या व्यक्तीला, ती कायदेशीर पालक नसली तरी, मुलाच्या ताब्याच्या सुनावणीत बाजू मांडता यायला हवी. अशा व्यक्तीला त्यांनी 'प्रत्यक्षातला पालक' अशा अर्थाचा शब्द वापरला. डॉक्टरांच्या प्रश्नाला भटक्यानं दिलेलं उत्तर जवळजवळ याच अर्थाचं होतं. मध्ये त्रेपन्न वर्षं गेली. आणि त्या निकालानंसुद्धा त्याला बोलण्याची जागाच दिली असती, मूल दिलंच असतं असं नाही.

इथे दिग्दर्शकानं स्वतः केलेल्या एका फेरफाराची नोंद हवी. १९७१ साली चॅप्लिननं स्वतःचं संगीत देऊन हा चित्रपट पुन्हा प्रदर्शित केला तेव्हा आईची काही दृश्यं काढून टाकली. चर्चमधून बाहेर पडणाऱ्या नवरीकडे ती बघते ते, समारंभात त्या चित्रकाराशी तिची पुन्हा गाठ पडते ते. आज बहुतेक ठिकाणी दिसते ती ही छोटी आवृत्ती. लांबी आटोपशीर झाली हे खरं. पण प्रकरण म्हणून बघितलं तर एका पक्षाच्या साक्षीतली पानं कमी झाली. आई काय भोगून आली ते कमी दिसतं, भटक्याची बाजू आपोआप जड होते. ज्यांना हे नातं खऱ्या अर्थानं तोलायचं आहे त्यांनी जुनी आवृत्ती शोधून बघावी.

खऱ्या पालकांचं खरं प्रकरण

पडद्यावर कागद नसलेल्या बापाकडून मूल काढून घेतलं गेलं. पडद्याबाहेर त्याच मुलाकडे कागदोपत्री पक्के, निर्विवाद पालक होते.

'द किड'नंतर जॅकी कूगन जगातल्या सर्वाधिक प्रसिद्ध मुलांपैकी एक झाला. त्याच्या नावानं खेळणी, बाहुल्या निघाल्या. १९२४ साली त्यानं युद्धात निराधार झालेल्या मुलांसाठी मदत गोळा करत अमेरिका आणि युरोपचा दौरा केला. बालपणी त्यानं मिळवलेली रक्कम अंदाजे ३० ते ४० लाख डॉलर सांगितली जाते. मे १९३५ मध्ये मोटारीच्या अपघातात त्याचे वडील गेले. त्याच गाडीत असलेला जॅकी तेवढा वाचला. पाच महिन्यांनी तो एकवीस वर्षांचा, म्हणजे सज्ञान झाला. आईनं पुढे घराचा आर्थिक कारभार बघणाऱ्या आर्थर बर्नस्टीनशी लग्न केलं. जॅकीनं आपले पैसे मागितले तेव्हा उत्तर मिळालं, की कायद्यानं ते त्याचे नाहीतच.

आणि कायदा खरंच तसा होता. कॅलिफोर्नियात अज्ञान मुलाची कमाई पालकांच्या मालकीची होती. जॅकीनं १९३८ मध्ये आई आणि सावत्र वडिलांवर दावा लावला. तडजोड होईपर्यंत मूळ रकमेतलं फारच थोडं उरलं होतं, त्याच्या हाती सुमारे १,२६,००० डॉलर आले. अडचणीच्या दिवसांत त्याला मदत करणाऱ्यांत चॅप्लिन होता. 'तसं म्हटलं तर बाप' पडद्याबाहेरही तेवढा उरला होता.

लोकांना या खटल्याचा इतका संताप आला, की १९३९ साली कॅलिफोर्नियानं बालकलाकारांच्या कमाईसाठी कायदा केला. तो आजही कूगनच्याच नावानं ओळखला जातो. सुरुवातीला त्यात पळवाटा होत्या : न्यायालयानं मंजूर केलेल्या करारांनाच तो लागू होई, आणि किती रक्कम बाजूला ठेवायची हे न्यायाधीशावर अवलंबून असे. २००० सालापासून लागू झालेल्या दुरुस्तीनं मुलाची कमाई मुलाचीच ठरवली आणि काम देणाऱ्यानं किमान १५ टक्के थेट त्याच्या नावच्या राखीव खात्यात भरलेच पाहिजेत असं बंधन घातलं. जॅकी तोवर जाऊन पंधरा वर्षं होऊन गेली होती.

ही दोन प्रकरणं मी एकत्र ठेवतो ती योगायोगाची गंमत म्हणून नाही. दोन्हींत कायद्यानं एकच प्रश्न विचारला : अधिकार कोणाचा? पोटमाळ्यावर अधिकार नव्हता, म्हणून काळजी असूनही मूल गेलं. कूगनांच्या घरात अधिकार होता, म्हणून काळजी आहे का हे तपासायला मूल एकवीस वर्षांचं होईपर्यंत कोणी आलं नाही. भटक्याला डॉक्टरांनी पहिल्याच भेटीत विचारलं, तुम्हीच वडील का? कूगनांच्या दारात असा प्रश्न घेऊन कोणी गेलं नाही, कारण उत्तर सगळ्यांना माहीत होतं.

शेवटचं दार

निवाऱ्यात जाग आल्यावर भटक्या रस्तोरस्ती मुलाला शोधतो आणि पहाटे आपल्याच दाराच्या पायरीवर डोळा लागतो. स्वप्नात सगळी वस्ती पंख लावून उडते आहे, मुलगा आहे, पोलिसालासुद्धा पंख आहेत. तिथेही भांडण होतंच आणि पोलिसाच्या गोळीनं तो कोसळतो. मानगूट धरून त्याला जागा करणारा हात खऱ्या पोलिसाचा असतो.

पोलीस त्याला गाडीत बसवतो. आपल्याला वाटतं, आता कोठडी. गाडी एका बंगल्यासमोर थांबते. दार उघडतं, मुलगा धावत येऊन त्याच्या गळ्यात पडतो, मागे आई उभी आहे. ती त्याला आत बोलावते. पोलीस निरोप घेतो. तिघं आत जातात आणि दार लागतं.

आत तो कोण म्हणून गेला, पाहुणा म्हणून, नोकर म्हणून, की मुलाचा कोणीतरी म्हणून, हे चित्रपट सांगत नाही. आईनं त्याला आत घेतलं ते तिच्या मर्जीनं. उद्या मर्जी फिरली तर परत बाहेर काढण्याचा पूर्ण अधिकार तिच्याकडेच आहे. मुलगा मात्र त्याचा हात धरून आत गेला आहे.